'काही नाही, सर': इंडोनेशियातल्या दहावी-बारावीच्या वर्गाशी बोलण्याआधी

हा लेख पुण्यातल्या अशा शिक्षकांसाठी आणि पालकांसाठी आहे, ज्यांच्या मुलांची इंडोनेशियातल्या एखाद्या वर्गाशी व्हिडिओवर गाठ पडणार आहे. पहिली दहा मिनिटं फार सोपी जातात. विद्यार्थ्याला तिकडे 'सिस्वा' म्हणतात, शिक्षकाला 'गुरू', भाषेला 'बहासा', वसतिगृहाला 'आस्रामा' आणि उपवासाला 'पुआसा'. आपल्या मुलांना वाटतं, अरे, हे तर आपलेच! पुढे हेच शब्द चकवतात. 'दोसा' म्हणजे दोष नव्हे, पाप. 'पहाला' म्हणजे फळ खरं, पण पुण्यकर्माचं. 'आगामा' म्हणजे धर्म, आणि त्याचा रकाना तिथल्या ओळखपत्रावर छापलेला असतो. शब्द ओळखीचे निघाले म्हणून माणसं ओळखीची झाली असं होत नाही.

मग आपल्यापैकी कोणीतरी विचारतं, "तुम्हाला शाळेत काय अडचणी येतात?" समोरची तीस-पस्तीस मुलं हसतात, एकमेकांकडे बघतात आणि कोणीच बोलत नाही. फार तर एखादा म्हणतो, "काही नाही, सर, सगळं छान आहे." आपण समजतो, मुलं लाजाळू आहेत किंवा इंग्रजी कच्चं आहे. दोन्ही थोडंफार खरं असेल, पण त्या गप्प बसण्याला बरीच कारणं आहेत आणि ती माहीत असल्याशिवाय पुढचा संवाद होत नाही.

आधी रचना. तिकडे सहा वर्षं प्राथमिक, तीन वर्षं माध्यमिक आणि दहावी ते बारावी अशी तीन वर्षं उच्च माध्यमिक. म्हणजे आपली मुलं दहावीनंतर शाळा सोडून ज्युनिअर कॉलेजात जातात, तर त्यांची नववीनंतरच शाळा बदलते. सर्वसाधारण शाळेला 'एस-एम-आ' म्हणतात, व्यावसायिक शिक्षणाच्या शाळेला 'एस-एम-का', आणि धर्मखात्याच्या अखत्यारीतल्या शाळेला 'मद्रसा आलियाह'. वर्ष जुलैत सुरू होतं. गणवेश पांढरा शर्ट आणि राखाडी पँट किंवा स्कर्ट. 'पुतिह अबू-अबू', म्हणजे पांढरा-राखाडी, एवढं म्हटलं की तिथल्या माणसाला ती तीन वर्षं आठवतात. आठवड्यातून एक दिवस बाटिकचा शर्ट, एक दिवस स्काउटचा तपकिरी गणवेश असतो.

सोमवारी सकाळी झेंडावंदन. हे नीट बघण्यासारखं आहे, कारण पुढच्या बऱ्याच गोष्टींची मुळं त्या मैदानात आहेत. वर्गवार रांगा लागतात. तीन विद्यार्थी पावलं मोजत येऊन झेंडा चढवतात, राष्ट्रगीत होतं, मुख्याध्यापक पंचशीलाची, म्हणजे त्यांच्या राष्ट्रीय विचारसरणीची, पाच तत्त्वं एकेक करून म्हणतात आणि मुलं मागून म्हणतात, राज्यघटनेची प्रस्तावना वाचली जाते, प्रार्थना होते. आणि बऱ्याच शाळांत बाजूला एक वेगळी रांग असते. टोपी विसरलेले, टाय नसलेले, उशिरा आलेले तिथे सगळ्यांच्या नजरेसमोर उभे असतात. कोणी मारत नाही, कोणी ओरडतही नाही. नुसतं दिसणं हीच शिक्षा. तिकडच्या मुलांच्या तोंडी सतत असणारा 'मालू' हा शब्द इथून समजून घ्यावा. लाज, संकोच, अब्रू जाण्याची भीती, सगळं त्या एका शब्दात येतं.

दिवस लवकर सुरू होतो. सात वाजता शाळा भरणं सर्वसाधारण. 2025 च्या जुलैपासून पश्चिम जावा प्रांताने साडेसहाची वेळ लावली. त्याआधी 2023 मध्ये देशाच्या पूर्वेकडच्या कुपांग शहरात बारावीच्या मुलांना पहाटे पाचला शाळेत बोलवायचा निर्णय तिथल्या गव्हर्नरांनी घेतला होता. पालकांनी आरडाओरड केल्यावर वेळ साडेपाचवर आली आणि मोजक्या शाळांपुरती उरली. कुपांगमधले पाच म्हणजे पुण्यातले रात्रीचे अडीच. शिस्त म्हणजे लवकर उठणं, हे समीकरण तिकडे फार पक्कं आहे आणि त्याची किंमत झोपेने चुकवली जाते. पंधरा-सोळाव्या वर्षी शरीराला रात्री उशिरा झोप लागते, सकाळी उशिरा जाग येते. पोरं आळशी असतात म्हणून नव्हे, त्या वयात शरीराचं घड्याळच पुढे सरकतं. त्यात शाळा दूर असेल तर घरून दुचाकीवर निघणं आलं. परवाना सतराव्या वर्षी मिळतो, दहावी-अकरावीतली मुलं पंधरा-सोळाची असतात. शाळा आवारात गाडी आणू देत नाही, मग ती शेजारच्या एखाद्या घराच्या अंगणात थोडे पैसे देऊन लावली जाते. हे चित्र पुणेकराला समजावून सांगायची गरज नाही.

प्रवेशाचं प्रकरण मात्र समजावून सांगावं लागतं. आपल्याकडे अकरावीच्या ऑनलाइन फेऱ्यांमध्ये कट-ऑफ टक्क्यांत असतो. तिकडे 2017 पासून काही वर्षं तो मीटरमध्ये होता. घर शाळेपासून किती लांब, त्यावर सरकारी शाळेत प्रवेश. हेतू चांगला होता: नावाजलेल्या शाळांत ठराविक घरांतली मुलं एकवटू नयेत, गरिबाच्या पोराला जवळची शाळा मिळावी. पण सरकारी उच्च माध्यमिक शाळा सगळीकडे सारख्या पसरलेल्या नाहीत. दाट वस्तीत एका शाळेभोवती हजारो घरं, तर कुठे अख्ख्या तालुक्याला एक शाळा. पत्ता कसा ठरवायचा, तर 'कार्तू कलुआर्गा' म्हणजे कुटुंबपत्रावरून. आपलं रेशनकार्ड जसं घरातल्या सगळ्यांची नावं धरून असतं, तसं. मग लोकांनी मुलाचं नाव शाळेजवळ राहणाऱ्या नातेवाइकाच्या, कधी अनोळखी माणसाच्याही, कुटुंबपत्रात घालायला सुरुवात केली. नियम आला की नोंद किमान एक वर्ष जुनी हवी. लोक वर्षभर आधी नावं घालू लागले. 2020 मध्ये जकार्तात जास्त वयाच्या मुलांना प्राधान्य मिळालं आणि वेळेवर शिकलेली, लहान वयाची मुलं बाहेर राहिली. पालक रस्त्यावर उतरले.

2025 पासून पद्धत बदलली. आता उच्च माध्यमिकला किमान 30 टक्के जागा राहण्याच्या ठिकाणावर, किमान 30 टक्के गरीब आणि अपंग मुलांसाठी, किमान 30 टक्के गुणवत्तेवर, आणि पालकांच्या बदलीमुळे आलेल्यांसाठी जास्तीत जास्त 5 टक्के. कागदावर हे जास्त समतोल आहे. वर्गात मात्र मूल कुठल्या वाटेने आत आलं हे सगळ्यांना माहीत असतं. गुणांवर आलेला, घराच्या पत्त्यावर आलेला, गरिबीच्या दाखल्यावर आलेला, असे तीन थर पहिल्याच महिन्यात पडतात. गटकामाला कोण कोणाला घेतं, यात ते दिसतं. व्हिडिओवर बोलताना "तुला या शाळेत प्रवेश कसा मिळाला?" हा प्रश्न आपल्या मुलांच्या तोंडून सहज निघतो. तो टाळायला सांगा.

गुणांचीही एक गोष्ट आहे. राष्ट्रीय परीक्षा 2015 पासून उत्तीर्ण होण्यासाठी निर्णायक राहिली नाही, 2020 मध्ये करोनामुळे रद्द झाली आणि परत आलीच नाही. सरकारी विद्यापीठात जायच्या तीन वाटा आहेत: शाळेच्या प्रगतिपुस्तकावर, देशपातळीवरच्या संगणकीय परीक्षेवर, आणि विद्यापीठाच्या स्वतःच्या परीक्षेवर. पहिली वाट सगळ्यांना हवी असते, कारण तिथे वेगळी प्रवेशपरीक्षा नाही. त्यासाठी शाळेच्या दर्जानुसार वरची 40, 25 किंवा 5 टक्के मुलं पात्र ठरतात. बारावीच्या मध्यावर ती यादी लागते आणि वर्ग दोन भागांत फाटतो. पहिल्या वाटेने निवड झालेल्या मुलाला त्यानंतर संगणकीय परीक्षेला बसता येत नाही. निवड होऊनही त्याने जागा सोडली, तर पुढच्या वर्षी विद्यापीठ आपल्या शाळेची मुलं घेणार नाही, अशी धास्ती शाळांना असते. म्हणून 'धाकट्यांची वाट अडवू नकोस' हा दबाव मुलावर येतो. कुठला विषय, कुठलं शहर, हे ठरवताना सतरा वर्षांच्या पोराच्या खांद्यावर अख्ख्या शाळेचं ओझं असतं.

जिथे प्रगतिपुस्तकाला एवढी किंमत, तिथे गुण फुगणार. त्याला तिकडे 'कात्रोल' म्हणतात, म्हणजे कप्पी. विहिरीतून बादली ओढावी तसे गुण वर ओढायचे. 2024 मध्ये देपोक शहरात नववीपर्यंतच्या एका शाळेने वाढवून दिलेले गुण उघडकीस आले आणि 51 मुलांचे उच्च माध्यमिकचे प्रवेश रद्द झाले. गुण वाढवले मोठ्यांनी, घरी बसली मुलं. शाखांचंही तसंच. विज्ञान, समाजशास्त्र, भाषा या शाखा 2024 मध्ये काढून टाकल्या, आणि 2025 मध्ये नव्या शिक्षणमंत्र्यांनी त्या परत आणण्याचं जाहीर केलं. मधल्या वर्षांतली मुलं कुठल्या नियमाने शिकतात हे त्यांच्या पालकांनाही नीट सांगता येत नाही.

आता त्या गप्प बसण्याकडे येतो.

'सुंकान' नावाचा एक जावी, म्हणजे जावा बेटावरच्या भाषेतला, शब्द आहे. मोठ्या माणसाला त्रास होईल, त्याला अवघडल्यासारखं होईल, म्हणून आपलं म्हणणं गिळणं. आपल्या 'भिडे'च्या फार जवळचा. भिडेखातर आपणही बरंच काही करतो, पण आपल्याकडे वर्गात सरांना उलट प्रश्न विचारणारं पोर हुशार ठरू शकतं. जावात ते उद्धट ठरण्याची शक्यता जास्त. 'गुरू' या शब्दाची तिथली लोकप्रिय फोड 'दिगुगू लान दितिरू' अशी आहे: ज्याचं म्हणणं खरं मानायचं आणि ज्याचं वागणं गिरवायचं. रोज सकाळी मुलं शिक्षकाचा हात हातात घेऊन कपाळाला किंवा नाकाला लावतात. यात प्रेमही असतं, ते खोटं नाही. पण ज्याचा हात कपाळाला लावला त्याला दुपारी "तुमचं चुकलं" म्हणायचं कसं?

त्यात भाषेचे थर. जावी भाषेत समोरच्याच्या मानाप्रमाणे शब्दच बदलतात. 'जेवणे' हेच क्रियापद घ्या. बरोबरीच्या मित्राशी 'मांगान', जरा आदराने बोलताना स्वतःबद्दल 'नेदा', आणि शिक्षक किंवा आजोबा जेवले तर 'दाहार'. 'मी दाहार केलं' म्हटलं की चूक, स्वतःलाच मान दिल्यासारखं होतं. 'सर मांगान करतात' म्हटलं तर त्याहून मोठी चूक. आपल्या तू-तुम्ही-आपण पेक्षा हे कितीतरी गुंतागुंतीचं, कारण नुसतं सर्वनाम आणि क्रियापदाचं रूप बदलत नाही, सगळा शब्दसाठा बदलतो. शहरातल्या मुलांना वरची बोली धड येत नाही. चुकलं तर मोठे टोकतात, म्हणून मुलं राष्ट्रभाषेत बोलतात, आणि तीही परकी वाटली तर गप्प राहतात. देशात सातशेच्या वर भाषा आहेत, सगळ्यांत असे थर नाहीत. सुमात्रातली बातक समाजाची मुलं तुलनेने सरळ, मोठ्या आवाजात बोलतात आणि जावातल्या वर्गात त्यांनाच 'उर्मट' हा शिक्का बसतो.

जावी लोकांनी स्वतःच यावर एक म्हण केली आहे: 'इंगिह-इंगिह, म्बोतन कपांगिह'. तोंडाने हो-हो, प्रत्यक्षात काहीच नाही. म्हणून समोरच्या वर्गाने "हो" म्हटलं की ते 'ऐकलं' या अर्थाने घ्या, 'पटलं' या अर्थाने नव्हे. त्यांनी "पुढच्या आठवड्यात पाठवतो" म्हटलं आणि काही आलं नाही, तर बऱ्याचदा जमणार नव्हतं हे सांगायला अवघड वाटलेलं असतं.

शाळेत समुपदेशक असतात. 'गुरू बे-का'. नियमाप्रमाणे दीडशे विद्यार्थ्यांमागे एक, म्हणजे कागदावर आपल्या बहुतेक ज्युनिअर कॉलेजांपेक्षा चांगली सोय. मग मुलं तिकडे का जात नाहीत? तर पुष्कळ शाळांत शिस्तीचं खातंही त्याच खोलीत असतं. चुकांना गुण ठरलेले असतात: उशीर झाला इतके, केस कानावर आले इतके, दप्तरात सिगारेट सापडली की बरेच. आकडे शाळेगणिक वेगळे, पद्धत तीच. बेरीज एका मर्यादेला पोचली की पहिलं पत्र, मग दुसरं, मग पालकांना बोलावणं, शेवटी शाळा बदला. ही वही बहुधा बे-का गुरूच ठेवतात. केसांची तपासणी निघते तेव्हा हातात कात्री घेऊन तेच पुढे असतात. आता ज्या माणसाच्या वहीत माझ्या नावापुढे पंचवीस गुण आहेत, त्याच्यासमोर बसून मी घरातलं रडगाणं गाईन का? आणि त्या खोलीतून बाहेर पडताना कोणी पाहिलं तर प्रश्न ठरलेला: "काय केलंस?" माझं स्पष्ट मत आहे की शिस्तीची वही आणि समुपदेशकाची खुर्ची एका खोलीत ठेवणं ही त्या व्यवस्थेतली सगळ्यात महाग पडणारी चूक आहे. पुण्यातल्या शाळा समुपदेशक नेमताना हे डोळ्यांसमोर ठेवतील तर बरं.

आकडे काय सांगतात ते पाहा. 2022 च्या राष्ट्रीय पाहणीत 10 ते 17 वयोगटातल्या साधारण दर तिघांमागे एकाला वर्षभरात मानसिक आरोग्याची काहीतरी तक्रार होती. त्यांपैकी मदत किंवा समुपदेशन घेतलेले फक्त 2.6 टक्के. बाकीची मुलं कुठे बोलतात? मित्रांपाशी. त्यासाठी 'चुरहात' हा गोड शब्द आहे: 'चुराहान हाती', हृदय ओतणं, याचं आखूड रूप. रात्री व्हॉट्सअॅपवर चुरहात चालतं. इन्स्टाग्रामवर एक खातं नातेवाईक आणि शिक्षकांसाठी, हसऱ्या फोटोंचं, आणि दुसरं मोजक्या मित्रांपुरतं, खरं बोलायचं. घरी बोललं तर दोन उत्तरं ठरलेली असतात: "फार मनाला लावून घेऊ नकोस" आणि "तुझी श्रद्धा कमी पडतेय, प्रार्थना कर". दुसरं उत्तर आपल्या घरांतही वेगळ्या शब्दांत मिळतंच. श्रद्धेने धीर येतो, पण खिन्नता हा श्रद्धेचा तुटवडा ठरला की मूल दुहेरी अपराधी होतं.

छळाचं प्रमाणही कमी नाही. 2018 च्या 'पिसा' या आंतरराष्ट्रीय शालेय चाचणीत इंडोनेशियातल्या पंधरा वर्षांच्या 41 टक्के मुलांनी महिन्यातून काही वेळा तरी छळ सोसल्याचं सांगितलं. सहभागी विकसित देशांची सरासरी 23 होती. नव्या मुलांच्या स्वागताच्या नावाखाली चालणारं रॅगिंग 2016 च्या नियमाने बंद झालं, ती ओळखसत्रं आता शिक्षकांनीच घ्यायची असतात. 2023 च्या नियमाने प्रत्येक शाळेत हिंसाप्रतिबंधक पथक सक्तीचं झालं. अडचण अशी की पथकातले शिक्षक तेच, ज्यांना तक्रार सांगायची भीड वाटते. आणि 'रुकुन', म्हणजे सलोखा, फार मोलाचा मानला जातो. तक्रार आली की दोघांना समोरासमोर बसवून हात मिळवायला लावतात, फोटो काढतात, प्रकरण मिटलं. ज्याने मार खाल्ला त्याने नकार दिला तर सलोखा मोडणारा तो ठरतो.

जकार्ता आणि आसपासच्या शहरांत मुलांच्या मारामाऱ्याही होतात, 'तावुरान' म्हणतात. एका शाळेची टोळी विरुद्ध दुसऱ्या शाळेची. वैर जुनं, थोरल्यांकडून धाकट्यांना वारशाने आलेलं. जागा आणि वेळ समाजमाध्यमावर ठरते, हातात विळे-कोयते असतात, आणि मुलं मरतात. कोयता म्हटल्यावर पुण्याच्या वाचकाला वेगळं काही सांगायला नको. 2025 मध्ये पश्चिम जावाच्या गव्हर्नरांनी बेशिस्त मुलांना काही आठवडे लष्करी बराकीत ठेवायची योजना काढली. बऱ्याच पालकांनी तिचं स्वागत केलं, बालहक्कवाल्यांनी विरोध. बराकीत मूल सरळ बसायला शिकेल, पण बाहेर पडल्यावर परत त्याच गल्लीत, त्याच थोरल्यांच्या समोर येईल, आणि त्यावर योजनेत उत्तर नाही.

धर्म आणि कपडे हा विषय जपून हाताळायचा. कायद्याने प्रत्येक विद्यार्थ्याला त्याच्या स्वतःच्या धर्माचं शिक्षण, त्याच धर्माच्या शिक्षकाकडून मिळालं पाहिजे, आणि त्याचे गुण प्रगतिपुस्तकात येतात. एखाद्या शाळेत चारच हिंदू किंवा ख्रिस्ती मुलं असली तर शिक्षक मिळत नाही. मग तासाला ती ग्रंथालयात बसतात आणि गुण रविवारच्या चर्चमधून किंवा देवळातून येतात. सरकारमान्य धर्म सहा, पारंपरिक श्रद्धांच्या मुलांसाठी 2016 पासून वेगळ्या विषयाची सोय झाली, पण शिकवायला माणसं थोडी. 2021 च्या जानेवारीत सुमात्रातल्या पदांग शहरात एका ख्रिस्ती मुलीला सरकारी शाळेत डोकं झाकायला सांगितल्याचं प्रकरण देशभर गाजलं. फेब्रुवारीत तीन मंत्र्यांनी मिळून सरकारी शाळांत धार्मिक पोशाखाची सक्ती किंवा बंदी करू नये असा आदेश काढला. मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. मधल्या मध्ये मुली राहिल्या. लक्षात ठेवा, डोकं झाकलेल्या अनेक मुलींनी ते मनापासून स्वीकारलेलं असतं, काहींनी शाळेच्या वातावरणामुळे, काहींनी घरच्यांमुळे, आणि पडद्यावर बघून यातलं काहीच कळत नाही. म्हणून "हे तू का घालतेस?" हा प्रश्न पहिल्या भेटीत नको.

मुलींच्या लग्नाचं वय 2019 च्या दुरुस्तीने 16 वरून 19 झालं, मुलांच्या बरोबरीने. पण न्यायालयाकडून सवलत मिळते. 2020 मध्ये धार्मिक न्यायालयांकडे असे 60 हजारांहून जास्त अर्ज आले. करोनात शाळा बंद, घरात पैसा नाही, आणि वय वाढल्यामुळे आधी कायदेशीर असलेली लग्नं आता अर्जात दिसू लागली, अशी तिन्ही कारणं त्यात आहेत. बऱ्याच अर्जांमागे गर्भारपण असतं, आणि 'मालू' इथे परत येतो, या वेळी अख्ख्या घराचा. मुलगी शाळेतून जाते, मुलगा पुष्कळदा राहतो. वर्गातली एक खुर्ची रिकामी होते आणि त्याबद्दल कोणी बोलत नाही.

पैशांची चणचण पुष्कळ घरांत असते. सरकारी मदत उच्च माध्यमिकला वर्षाला 18 लाख रुपिया, म्हणजे आपले दहा हजारांच्या आतबाहेर. फी थकली की काही शाळा मूळ प्रमाणपत्र अडकवून ठेवतात, आणि त्याशिवाय नोकरी मिळत नाही. व्यावसायिक शाळा लवकर नोकरी मिळावी म्हणून काढलेल्या, तरी ऑगस्ट 2024 मध्ये त्यांतून बाहेर पडलेल्यांत बेकारी 9.01 टक्के होती, साध्या शाळेतून आलेल्यांत 7.05. सिगारेट टपरीवर सुटी मिळते. 2024 च्या नियमाने सुट्या विक्रीवर आणि शाळेपासून 200 मीटरच्या आत विक्रीवर बंदी आली, घेणाऱ्याचं किमान वय 21 केलं. टपरी मात्र शाळेच्या दारातच असते.

लहान बेटांवरची मुलं पंधराव्या वर्षी घर सोडून तालुक्याच्या गावी 'कोस'वर राहतात. आपली कॉट बेसिस, पण एमपीएससीच्या वयाची नव्हे, नववी झालेली. पापुआतल्या काही मुलांना सरकार शिष्यवृत्तीवर जावा-बालीतल्या शाळांत पाठवतं. त्यांना कुरळ्या केसांवरून, वर्णावरून जे ऐकावं लागतं, ते पुण्यात शिकणाऱ्या ईशान्येकडच्या मुलांना विचारा, ओळखीचं वाटेल.

आता प्रत्यक्ष भेट ठरवायची तर. जावा-सुमात्रा आपल्या दीड तास पुढे, बाली-कुपांग-मकासर अडीच तास, पापुआ साडेतीन तास. पुण्यात सकाळी नऊ म्हणजे जकार्तात साडेदहा, ही वेळ सगळ्यात सोयीची. शुक्रवार टाळा, दुपारच्या नमाजासाठी मुलगे साडेअकराच्या सुमाराला उठतात. रमजान सध्या फेब्रुवारी-मार्चच्या आसपास, म्हणजे आपल्या बारावीच्या परीक्षेच्या हंगामात येतो. तेव्हा त्यांच्या शाळेचे तास आखूड होतात आणि पुढे ईदची मोठी सुट्टी असते. जुलै-ऑगस्ट किंवा नोव्हेंबर दोन्हीकडे जमतं.

नावनोंदणीच्या फॉर्ममध्ये आडनाव सक्तीचं ठेवू नका. पुष्कळ जावी मुलांना आडनाव नसतं, काहींचं नावच एका शब्दाचं असतं, माजी राष्ट्राध्यक्ष सुकार्नो आणि सुहार्तो यांच्यासारखं. किमान दोन शब्दांच्या नावाचा नियम 2022 चा, ही मुलं त्याआधी जन्मलेली. रकाना रिकामा सोडता आला नाही की ती तेच नाव दोनदा लिहितात आणि आपल्याकडे यादीत घोळ होतो. त्यांच्या शिक्षकांना 'पाक' किंवा शिक्षिकेला 'बू' म्हणून पुढे पहिलं नाव घ्यायला आपल्या मुलांना शिकवा. वयाने जरा मोठ्या विद्यार्थ्याला 'काक'. एवढ्या दोन-तीन शब्दांनी समोरचे चेहरे सैल होतात.

पूर्ण वर्गाला एकदम प्रश्न विचारू नका. चार-चार जणांचे गट करा, दोन इकडचे दोन तिकडचे, आणि त्यांचे शिक्षक त्या खोलीत नसतील असं आधी ठरवून घ्या. प्रश्न दोन दिवस आधी लेखी पाठवा. 'तुला' ऐवजी 'तुमच्या वयाच्या मुलांना' असं विचारा, म्हणजे मूल स्वतःचं सांगत असूनही कोणाचं तरी म्हणून सांगू शकतं. विचारल्यावर मनात दहा आकडे मोजेपर्यंत थांबा. आपली मुलं तीनवर धीर सोडतात आणि स्वतःच बोलायला लागतात, त्यांना आधी बजावा. आणि सुरुवात आपल्या मुलांनी स्वतःच्या अडचणीने करावी: क्लासची फी, कट-ऑफ, आईबाबांनी परस्पर ठरवलेली शाखा. एकाने आधी उघडं झाल्याशिवाय दुसरा होत नाही.

शेवटी बिननावाच्या चिठ्ठ्या मागवा, ऑनलाइन फॉर्मवर, ईमेल पत्ता न घेता, आणि त्या कोण वाचणार हे मुलांना लिहायच्या आधी सांगा. त्या पडद्यावर मोठ्याने वाचू नका. एकातही मारहाण, लग्नाची जबरदस्ती किंवा जीव नकोसा झाल्याचं लिहिलेलं आढळलं तर ती चिठ्ठी जशीच्या तशी शाळेकडे पाठवू नका, भाषेवरून मूल ओळखता येतं. मजकूर स्वतःच्या शब्दांत मांडून ज्या एका शिक्षकाशी तुमचा आधीपासून संपर्क आहे त्यांना त्याच दिवशी फोन करा. आणि फॉर्मच्या पहिल्याच ओळीत, प्रश्नांच्याही आधी, त्यांच्या देशाच्या महिला-बालसंरक्षण मदतवाहिनीचा क्रमांक त्यांच्या भाषेत ठळक टाका: 129.